गरज पडल्यास

मुलांनो, वेळापत्रक म्हटले की तुमच्या डोळ्यांसमोर काय येते? वर्गाच्या भिंतीवर चिकटवलेला एक कागद. सोमवारी पहिला तास गणिताचा, दुसरा उर्दूचा, मधल्या सुट्टीनंतर मराठीचा. त्या कागदावर जे लिहिलेले असते ते सहसा घडतेच. गणिताच्या तासापुढे कंसात ‘झाला तर’ असे कोणी लिहीत नाही. तुमच्यापैकी काहींना तसे लिहावेसे वाटत असेल, ती गोष्ट वेगळी!

परंतु काही वेळापत्रके अशीही असतात, की त्यांतील शेवटच्या ओळी खऱ्या होतील की नाही हे छापणाऱ्यालाही ठाऊक नसते. असे एक वेळापत्रक तुमच्या घरातच असते. रमजान सुरू होण्यापूर्वी सहरी आणि इफ्तारच्या वेळांचा तक्ता आपण भिंतीवर लावतो. त्यात तीस ओळी असतात. पण तिसावा रोजा होणार की नाही, हे एकोणतिसाव्या संध्याकाळी चंद्र ठरवतो. चंद्र दिसला, की ती शेवटची ओळ तशीच कोरी राहते आणि घरोघरी ईदची धावपळ सुरू होते.

असेच दुसरे एक वेळापत्रक दर वर्षी अमेरिकेत प्रसिद्ध होते. तेथील व्यावसायिक बास्केटबॉल संघांच्या स्पर्धेला ‘एनबीए’ म्हणतात. या स्पर्धेच्या अंतिम मालिकेत सात सामने असतात. ‘मालिका’ म्हणजे तुम्ही घरी ज्याला ‘सिलसिला’ म्हणता ते. तक्त्यात सातही सामन्यांच्या तारखा छापलेल्या असतात. मात्र पाचव्या, सहाव्या आणि सातव्या सामन्यापुढे एक फुली असते आणि खाली बारीक अक्षरांत लिहिलेले असते : गरज पडल्यास.

हे दोन शब्द मला फार आवडतात. आज मी तुम्हांला त्या तक्त्याविषयीच सांगणार आहे. खेळाचे वर्णन तुम्ही टीव्हीवर ऐकता, वर्तमानपत्रात वाचता. पण खेळ कोणत्या दिवशी, कोणत्या गावी आणि किती वाजता व्हायचा, हे ठरवताना किती जणांची ओढाताण होते, हे फारसे कोणी सांगत नाही.

आधी थोडी माहिती. एनबीएमध्ये तीस संघ आहेत. साधारण ऑक्टोबर ते एप्रिल या काळात प्रत्येक संघ ८२ साखळी सामने खेळतो. संघांचे पूर्व आणि पश्चिम असे दोन गट असतात. प्रत्येक गटातून आठ संघ बाद फेरीत जातात. तेथे एकाच सामन्यावर निकाल लागत नाही. दोन संघ एकमेकांशी पुन्हा पुन्हा खेळतात आणि सातांपैकी चार सामने जो आधी जिंकेल तो पुढे जातो. अशा तीन फेऱ्या पार करून पूर्वेचा एक आणि पश्चिमेचा एक संघ अंतिम मालिकेत समोरासमोर येतात. हा बहुधा जून महिना असतो. आपल्याकडे तेव्हा नवी पुस्तके, नवे दप्तर आणि पहिला पाऊस यांची गडबड असते.

एकदा वर्गात मी हे सांगत होते, तेव्हा मागच्या बाकावरच्या एका मुलाने विचारले, “टीचर, क्रिकेटचा वर्ल्ड कप तर एका सामन्यात संपतो. यांना सात कशाला लागतात? जास्त तिकिटे विकायला?”

प्रश्न चांगला होता, आणि त्यात तथ्यही होते. सामने वाढले की तिकिटे वाढतात, जाहिराती वाढतात, पैसा वाढतो. पण तेवढेच कारण नाही. एका दिवशी कोणाचा पाय मुरगळतो, कोणाला ताप येतो, कोणाचा नेमच बसत नाही. एखाद्या दिवशी दुबळा संघही बलवानाला हरवून जातो. सात सामन्यांत मात्र अशा योगायोगांची बेरीज-वजाबाकी होते. आज चुकलेल्याला परवा संधी मिळते. तुमच्या चाचण्या वर्षभर का घेतो, एकच का घेत नाही, असे मी त्याला उलट विचारले. त्यावर तो म्हणाला, “एकच घ्या, टीचर!” वर्ग हसला आणि मलाही हसू आवरले नाही.

आणि सातही सामने व्हावेत असे आयोजकांना कितीही वाटले, तरी तसे क्वचितच घडते. १९९४ ते २०२५ या बत्तीस वर्षांत अंतिम मालिकेचा सातवा सामना फक्त सहा वेळा खेळला गेला : १९९४, २००५, २०१०, २०१३, २०१६ आणि २०२५. २०१८ साली तर गोल्डन स्टेट वॉरियर्स या संघाने क्लीव्हलँडला पहिल्या चार सामन्यांतच हरवले. ८ जूनला मालिका संपली. तक्त्यातील ११, १४ आणि १७ जून या तारखा तशाच राहिल्या. ज्या दिवशी सामना होणार की नाही हे माहीत नाही, त्या दिवशीही क्रीडागृह राखून ठेवावे लागते. तिकिटे छापावी लागतात आणि सामना झाला नाही तर पैसे परत करावे लागतात. ‘गरज पडल्यास’ हे दोन शब्द वाचायला सोपे, सांभाळायला अवघड आहेत.

आता दुसरा प्रश्न : सामना कोणाच्या गावी? आपल्या गल्लीत खेळताना आपल्याला जोर चढतो, हे तुम्हांला सांगायला नको. स्वतःच्या मैदानावर ओळखीची फळी असते, ओळखीची रिंग असते आणि हजारो आपली माणसे ओरडत असतात. म्हणून ज्या संघाने साखळीतील ८२ सामन्यांत अधिक विजय मिळवलेले असतात, त्याला सातांपैकी चार सामने घरी मिळतात. पण ते चार कोणते? सगळे वादाचे मूळ येथे आहे.

आजची पद्धत अशी आहे. पहिले दोन सामने वरचढ संघाच्या गावी. नंतरचे दोन दुसऱ्याच्या गावी. मग पाचवा पहिल्याकडे, सहावा दुसऱ्याकडे आणि सातवा पुन्हा पहिल्याकडे. ही पद्धत जुनीच आहे. पण मध्ये जवळजवळ तीस वर्षे ती अंतिम मालिकेतून काढून टाकली होती. का, ते समजण्यासाठी १९८४ सालाकडे जावे लागेल.

त्या वर्षी बोस्टन आणि लॉस एंजेलिस या शहरांचे संघ अंतिम मालिकेत होते. नकाशा उघडून पाहा. बोस्टन अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर, लॉस एंजेलिस पश्चिम किनाऱ्यावर. दोहोंमध्ये सुमारे ४,२०० किलोमीटरचे अंतर, म्हणजे मुंबई-दिल्ली रेल्वेमार्गाच्या तिप्पट. घड्याळातही तीन तासांचा फरक. आता शेवटचे चार सामने पाहा. ६ जूनला लॉस एंजेलिस, ८ जूनला बोस्टन, १० जूनला लॉस एंजेलिस, १२ जूनला बोस्टन. एका आठवड्यात तीन वेळा अख्खा देश ओलांडायचा आणि उतरल्यावर जगातील सर्वांत मोठा सामना खेळायचा! त्या काळी बहुतेक संघ तुमच्याआमच्यासारख्या प्रवाशांच्या विमानानेच जात. सात फूट उंचीच्या माणसाने विमानातील त्या चिमुकल्या खुर्चीत पाय कोठे ठेवायचे, हा विचार करून पाहा.

त्यातील ८ जूनचा सामना अजूनही लोकांच्या आठवणीत आहे. बोस्टनचे क्रीडागृह जुने होते आणि तेथे हवा थंड करण्याची सोय नव्हती. आत सुमारे ३६ अंश तापमान झाले. जळगाव-अकोल्याच्या मुलांना यात विशेष वाटणार नाही. पण बंद दाराआड, हजारो माणसांच्या गर्दीत, अडीच तास धावायचे होते. लॉस एंजेलिसचे करीम अब्दुल-जब्बार तेव्हा सदतीस वर्षांचे होते. खेळ थांबला की ते बाकावर बसून तोंडाला प्राणवायूचा मुखवटा लावत. तो सामना बोस्टनने जिंकला आणि पुढे मालिकाही जिंकली.

बोस्टन जिंकले, तरी त्यांचे ज्येष्ठ संघप्रमुख रेड ऑअरबाख या धावपळीला कंटाळले होते. त्यांनी तशी तक्रारही केली. १९८५ पासून पद्धत बदलली. दोन सामने एका गावी, मग सलग तीन दुसऱ्या गावी आणि शेवटचे दोन पुन्हा पहिल्या गावी. खेळाडूंची, वार्ताहरांची, कॅमेरे वाहून नेणाऱ्यांची, सर्वांची एक फेरी वाचली.

पण एकाची सोय झाली की दुसऱ्याची गैरसोय होते. समजा, चार सामन्यांनंतर दोन-दोन अशी बरोबरी आहे. पाचवा सामना तेव्हा सर्वांत महत्त्वाचा. आणि नव्या पद्धतीत तो कोणाच्या गावी? ज्याने वर्षभर कमी विजय मिळवले त्याच्या! वर्षभराच्या मेहनतीचे हे कसले बक्षीस? दुसऱ्या बाजूचीही तक्रार होतीच. घरी सलग तीन सामने जिंकणे सोपे नसते. १९८५ पासून कितीतरी वर्षे ते एकाही यजमान संघाला जमले नाही. २००४ मध्ये डेट्रॉइटने ते प्रथम करून दाखवले. पुढे २००६ आणि २०१२ मध्ये मायामीला ते साधले. शेवटी २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये संघमालकांनी एकमताने जुनी पद्धत परत आणण्याचे ठरवले आणि २०१४ पासून ती पुन्हा लागू झाली. आता संघांजवळ स्वतंत्र, ऐसपैस विमाने होती. प्रवासाचा त्रास कमी झाला, तेव्हा न्यायाचा विचार करायला सवड मिळाली, असे मला वाटते.

२०२० साली तर गावाचा प्रश्नच उरला नाही. करोनाच्या साथीमुळे उरलेला मोसम खेळणारे संघ फ्लोरिडा राज्यात ऑरलँडोजवळ एकाच ठिकाणी राहिले. अंतिम मालिका जूनऐवजी ३० सप्टेंबर ते ११ ऑक्टोबर या काळात झाली. प्रवास नाही, घरचे मैदान नाही, रिकाम्या खुर्च्या. तक्त्यावर ‘घरी’ आणि ‘बाहेर’ असे शब्द होते, पण दोघांचेही घर दूर होते.

आता सामन्यांमधील सुट्टीकडे पाहा. २०२५ ची मालिका ओक्लाहोमा सिटी आणि इंडियाना या संघांत झाली. तारखा होत्या ५, ८, ११, १३, १६, १९ आणि २२ जून. या आकड्यांतील अंतर मोजा. गाव बदलायचे असेल तेथे मध्ये दोन दिवस मोकळे आहेत. ११ आणि १३ जूनचे सामने एकाच गावी, म्हणून मध्ये एकच दिवस. हे ठीक आहे. पण ५ आणि ८ जूनचे सामनेही एकाच गावी होते. तरी मध्ये दोन दिवस का? कारण ५ जूनला गुरुवार होता आणि ८ जूनला रविवार. रविवारी संध्याकाळी कुटुंबे घरी असतात, दूरचित्रवाणी पाहतात. म्हणजे विश्रांतीचे दिवस काही ठिकाणी खेळाडूंच्या पायांनी ठरवले आणि काही ठिकाणी प्रेक्षकांच्या सोफ्याने!

येथून खरा गुंता सुरू होतो. सामना किती वाजता सुरू करायचा?

अमेरिका इतकी रुंद आहे, की तेथे एकाच वेळी सगळीकडे संध्याकाळ नसते. न्यूयॉर्कमध्ये रात्रीचे नऊ वाजतात तेव्हा कॅलिफोर्नियात सहाच वाजलेले असतात. सामना लवकर ठेवला, तर पश्चिमेकडील लोक कचेरीत किंवा रस्त्यावरच्या गर्दीत अडकलेले. उशिरा ठेवला, तर पूर्वेकडील लोक झोपलेले. म्हणून अनेक वर्षे न्यूयॉर्कच्या घड्याळाप्रमाणे रात्री नऊची वेळ होती, रविवारी आठची. २०२५ मध्ये इतर दिवशी साडेआठ आणि रविवारी आठ अशी होती. खेळाचे घड्याळ अठ्ठेचाळीस मिनिटांचे असते; पण फाउल, विश्रांती आणि जाहिराती धरून सामना अडीच तास चालतो. म्हणजे न्यूयॉर्क किंवा बोस्टनच्या शाळकरी मुलाने शेवटची पाच मिनिटे पाहायची म्हटली, तर रात्रीचे अकरा वाजून जातात. दुसऱ्या दिवशी त्याचीही शाळा असते. त्याची आई त्याला काय म्हणत असेल, हे मी तुम्हांला सांगायला नको. भाषा वेगळी असेल, वाक्य तेच असणार.

पूर्वी याहून विचित्र प्रकार घडत असे. १९८० सालची गोष्ट. लॉस एंजेलिस आणि फिलाडेल्फिया यांची अंतिम मालिका चालू होती. पाच सामन्यांनंतर लॉस एंजेलिस ३-२ असे पुढे होते. पण पाचव्या सामन्यात करीम अब्दुल-जब्बार यांचा घोटा मुरगळला. सहावा सामना फिलाडेल्फियात होता. करीम प्रवास करू शकले नाहीत. ते लॉस एंजेलिसमध्येच थांबले. त्यांच्या जागी मधला खेळाडू म्हणून मॅजिक जॉन्सन उभा राहिला. वय वर्षे वीस, व्यावसायिक खेळातील पहिलेच वर्ष आणि नेहमीची जागाही ती नव्हे. त्याने त्या रात्री ४२ गुण केले. लॉस एंजेलिसने १२३-१०७ असा सामना जिंकला आणि विजेतेपदही मिळवले.

हा सामना अमेरिकेतील लोकांनी कसा पाहिला असेल, असे तुम्हांला वाटते? बहुतेक शहरांत त्यांनी तो त्या वेळी पाहिलाच नाही! १६ मे १९८० हा शुक्रवार होता. त्या वाहिनीला शुक्रवार रात्रीच्या आपल्या लोकप्रिय मालिका (या मालिका म्हणजे गोष्टींच्या!) बाजूला सारायच्या नव्हत्या. म्हणून सामना ध्वनिचित्रमुद्रित करून रात्री साडेअकराला दाखवला. तोपर्यंत विजेत्यांचा जल्लोषही आटोपला होता. एका वीस वर्षांच्या मुलाने आपल्या आयुष्यातील सर्वांत मोठी रात्र गाजवली आणि त्याच्याच देशातील बहुतेक लोकांना ती शिळी करून मिळाली. पुढच्या वर्षीही असेच घडले. १९८२ पासून मात्र अंतिम मालिकेचे सर्व सामने थेट दिसू लागले. एखाद्या खेळाची किंमत काय आहे, हे मैदानावर कळतेच असे नाही. त्याच्यासाठी दुसरा कोणता कार्यक्रम हटवला जातो, यावरूनही ती कळते.

थेट प्रक्षेपण सुरू झाल्यावरही सारे लक्ष खेळाला मिळेलच असे नसते. १७ जून १९९४ रोजी न्यूयॉर्क आणि ह्यूस्टन यांचा पाचवा सामना चालू होता. त्याच वेळी ओ. जे. सिम्प्सन या प्रसिद्ध माजी फुटबॉलपटूच्या गाडीमागे लॉस एंजेलिसच्या रस्त्यांवर पोलीस लागले होते. वाहिनीने पडद्याचे दोन तुकडे केले : एकात पोलिसांचा पाठलाग, दुसऱ्यात सामना. त्या मालिकेचा नायक होता नायजेरियातील लागोस शहरात जन्मलेला हकीम ओलाजुवान. सहाव्या सामन्यात शेवटच्या क्षणी न्यूयॉर्कच्या खेळाडूचा चेंडू त्याने बोटांनी अडवला, सातवा सामनाही ह्यूस्टनने जिंकला आणि मालिका त्यांची झाली. हाच हकीम १९९५ च्या फेब्रुवारीत रमजानचे रोजे ठेवून सामने खेळला होता आणि त्या महिन्याचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून निवडला गेला होता. तुमच्यापैकी जे खेळाडू आहेत त्यांना हे सांगितल्यावाचून मला राहवत नाही.

आता आपल्याकडे येऊ. जूनमध्ये न्यूयॉर्क आपल्यापेक्षा साडेनऊ तास मागे असते. हिशेब सोपा आहे. दहा तास मिळवा आणि अर्धा तास वजा करा. तेथील रात्रीचे नऊ म्हणजे आपली सकाळी साडेसहाची वेळ. तेथील रविवारचे रात्रीचे आठ म्हणजे आपल्या सोमवारची पहाटेची साडेपाचची वेळ. तारीखही एक दिवसाने पुढे जाते, हे विसरू नका. त्यांनी तक्त्यावर १९ तारीख छापली असेल, तर आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरात २० तारीख पाहावी लागते.

रमजानचा महिना दर वर्षी सुमारे अकरा दिवस मागे सरकत जातो. असे सरकत सरकत २०१६ ते २०१९ या वर्षांत तो अंतिम मालिकेला येऊन भेटला. २०१६ साली मी बी.एड. करत होते आणि मालेगावला घरी आले होते. त्या वर्षी एका बाजूला साखळीत ७३ सामने जिंकलेला गोल्डन स्टेटचा संघ होता आणि दुसऱ्या बाजूला क्लीव्हलँड. चार सामन्यांनंतर क्लीव्हलँड १-३ असे मागे पडले. अंतिम मालिकेत १-३ अशी पिछाडी भरून काढून तोपर्यंत कोणीही जिंकले नव्हते. माझा धाकटा भाऊ म्हणाला, “बाजी, आता संपले.” मी त्याला तक्त्याच्या शेवटच्या तीन ओळी दाखवल्या. क्लीव्हलँडने पाचवा सामना जिंकला. सहावाही जिंकला.

सातवा सामना २० जूनला, सोमवारी पहाटे साडेपाचला होता. सहरी झाली, फज्रची नमाज झाली. इतर दिवशी या वेळी घर पुन्हा थोडे आडवे होते. त्या दिवशी भाऊ आणि मी टीव्हीपुढे बसलो. शेजारच्या खोलीत दादी कुराण वाचत होती. म्हणून आवाज पूर्ण बंद केला होता. गल्लीच्या टोकाला कोणाचा तरी पॉवरलूम खडखडत होता, तेवढाच काय तो आवाज. समालोचक नाही, प्रेक्षकांचा आरडाओरडा नाही. फक्त माणसे धावताना दिसत होती.

शेवटी गुण झाले ८९-८९. मग कितीतरी वेळ चेंडू कोणाकडूनच आत जाईना. सामना संपायला दोन मिनिटेही उरली नव्हती, तेव्हा गोल्डन स्टेटचा आंद्रे इगुडाला एकटाच रिंगकडे झेपावला. आता दोन गुण होणार, एवढ्यात मागून लेब्रॉन जेम्स धावत आला आणि त्याने चेंडू फळीवर थोपटला. भाऊ ओरडणार होता. त्याने स्वतःच्याच तोंडावर हात दाबला. त्यानंतर कायरी अर्व्हिंगने लांबून तीन गुणांचा चेंडू टाकला. क्लीव्हलँड ९३-८९ असे जिंकले. कोणत्याही मोठ्या व्यावसायिक खेळात त्या शहराला १९६४ नंतर मिळालेले हे पहिलेच विजेतेपद होते. पडद्यावर लेब्रॉन जमिनीवर पडून रडत होता आणि आमच्या घरात कोणीच काही बोलत नव्हते. थोड्या वेळाने दादी बाहेर आली, तिने पडद्याकडे पाहिले आणि विचारले, “हा एवढा मोठा माणूस का रडतो आहे?” भावाने सांगितले, “जिंकला म्हणून.” दादी म्हणाली, “मग ठीक आहे,” आणि वजू करायला निघून गेली.

वेळापत्रक बनवणाऱ्यांनी आमचा विचार केला नव्हता. ते त्यांच्या गुरुवार-रविवारचा, न्यूयॉर्क आणि कॅलिफोर्नियाच्या घड्याळांचा हिशेब करत होते. आमच्या वाट्याला पहाट आली, आणि ती त्या महिन्यात आम्ही एरवीही जागूनच काढत होतो. पण दर जूनमध्ये असे होत नाही. रमजान आता जूनपासून दूर गेला आहे. २०२५ चा सातवा सामना पहाटे साडेपाचलाच होता. तेव्हा गजर लावून उठावे लागले. ज्यांची शाळा सकाळची, त्यांना तर सामन्याचा पहिला भाग पाहून दप्तर उचलावे लागते. माझ्या वर्गातील काही मुले मधल्या सुट्टीत निकाल विचारतात. तोपर्यंत निकाल लागून दोन-तीन तास झालेले असतात.

एकदा मात्र हे चक्र उलटे फिरले होते. २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये एनबीएचे दोन संघ प्रथमच भारतात येऊन खेळले. सॅक्रामेंटो आणि इंडियाना. अंतिम मालिकेचे नव्हे, मोसम सुरू होण्यापूर्वीचे सरावाचे सामने होते. मुंबईत, वरळीच्या क्रीडागृहात. सॅक्रामेंटो संघाचे प्रमुख मालक विवेक रणदिवे हे मूळचे मुंबईचेच. ४ ऑक्टोबरच्या पहिल्या सामन्याला सुमारे तीन हजार शाळकरी मुलांना बोलावले होते. सामना जादा वेळेत गेला आणि इंडियानाने तो १३२-१३१ असा एका गुणाने जिंकला. वेळ होती संध्याकाळी सातची. मुंबईतील मुले शाळा, गृहपाठ आटोपून ऐन संध्याकाळी पुढच्या खुर्च्यांवर बसली होती. आणि तिकडे कॅलिफोर्नियात, सॅक्रामेंटो शहरात, आपल्या संघाचा खेळ पाहण्यासाठी लोक डोळे चोळत उठले होते. त्यांच्या घड्याळात तेव्हा सकाळचे साडेसहा वाजले होते.